हळद डब्यातली आणि हळद बाटलीतली

आमच्या परिचयातले एक काका सांगलीहून मुलीकडे सहा महिन्यांसाठी आले होते. गुडघे दुखतात म्हणून जावयाने हळदीच्या कॅप्सूलची बाटली आणून दिली. 'हळदच तर आहे' म्हणत काकांनी रोज दोन कॅप्सूल सुरू केल्या. तिसऱ्या महिन्यात भूक गेली, लघवी गडद झाली, डोळे पिवळे दिसू लागले. रक्त तपासले, तर लिव्हरचे आकडे कितीतरी पट वाढलेले! 'कुठली औषधे घेता?' असे डॉक्टरांनी विचारल्यावर काकांनी फक्त बी.पी.च्या गोळीचे नाव सांगितले. सांगलीच्या माणसाला हळद हे औषध कसे वाटणार? पुढच्या भेटीत मुलीने बाटली दाखवली, तेव्हा उलगडा झाला. कॅप्सूल बंद केल्यावर दीड-दोन महिन्यांत काका सावरले.

त्या बाटलीवर 'प्रयोगशाळेत सिद्ध' असे ठळक छापले होते. हे 'सिद्ध' म्हणजे नेमके काय, ते आपण समजून घेऊ.

कॉलेजात मायक्रोबायॉलॉजीच्या प्रॅक्टिकलला आम्ही काचेच्या पसरट बशीत अगारचा थर ओतत असू. त्यावर जंतू पसरायचे, वनस्पतीच्या अर्कात बुडवलेली कागदाची टिकली मध्ये ठेवायची आणि बशी रात्रभर ३७ अंश सेल्सियसला ठेवायची. सकाळी टिकलीभोवती जंतू न वाढलेले वर्तुळ दिसले, की ते मिलिमीटरमध्ये मोजायचे. शेजारी नुसत्या अल्कोहोलची टिकलीही ठेवावी लागे. अर्क काढायला वापरलेले अल्कोहोलच जंतू मारत असेल, तर श्रेय झाडाला कसे द्यायचे? बशीत व्हिनेगर जंतू मारते, ब्लीचही मारते. म्हणून कोणी ब्लीच पीत नाही!

हळदीतले मुख्य द्रव्य कर्क्युमिन. ते बशीत फार गुणी दिसते, पण थोडे फसवेही आहे. ते स्वतः पिवळे असते, विशिष्ट प्रकाशात चमकते आणि अनेक प्रथिनांना चिकटते. त्यामुळे रंग किंवा चमक मोजणाऱ्या चाचण्यांत खोटा 'गुण' नोंदला जाऊ शकतो. मिनेसोटा विद्यापीठातील संशोधकांनी २०१७ साली याचा मोठा आढावा घेऊन कर्क्युमिनच्या दाव्यांबद्दल सावध केले. शिवाय पोटात गेलेले कर्क्युमिन रक्तात फारच थोडे पोचते. बंगळूरच्या संशोधकांना १९९८ साली आढळले, की मिऱ्यातल्या पिपेरिनसोबत दिल्यास ते माणसाच्या रक्तात सुमारे वीसपट जास्त पोचते. म्हणूनच पुष्कळ कॅप्सूलमध्ये मिऱ्याचा अर्क असतो. पण शोषण वाढले की धोकाही वाढू शकतो. अमेरिकेत लिव्हरच्या इजेची नोंद ठेवणाऱ्या डॉक्टरांच्या गटाने २०२२ साली हळदीच्या गोळ्यांशी जोडलेले १० रुग्ण नोंदवले. त्यांतले ५ इस्पितळात दाखल झाले, एक दगावला.

मग आमटीतली हळद? ती बिनघोर घाला. हळदीत कर्क्युमिन साधारण ३ टक्के असते. ५०० मिलिग्रॅमच्या कॅप्सूलमधला अर्क बहुधा ९५ टक्क्यांचा असतो. म्हणजे एका कॅप्सूलमध्ये चार-पाच चमचे हळदीचे कर्क्युमिन! इतकी हळद आपण एका वेळी कधी खातो का?

झाडपाल्यात अर्थ नाही, असे मुळीच नाही. चीनमध्ये तू यूयू यांनी १९७१ साली एका वनस्पतीचा अर्क कमी तापमानाला काढला, प्राण्यांवर तपासला, मग स्वतः घेऊन पाहिला आणि त्यानंतरच रुग्णांना दिला. त्यातून मलेरियावरचे आर्टेमिसिनिन मिळाले आणि त्यांना २०१५ चे नोबेल. बशी ही पहिली पायरी. पुढच्या पायऱ्या चढल्यावरच औषध होते.

अमेरिकेत १९९४ च्या कायद्यानुसार अशा पूरक गोळ्यांची सुरक्षितता किंवा गुण विक्रीपूर्वी सरकारला सिद्ध करून दाखवावे लागत नाहीत. त्यामुळे ही जबाबदारी आपल्यावर येते. तेव्हा एवढे जरूर करा:

• डॉक्टरांकडे जाताना गोळ्या, चूर्ण, काढे यांच्या बाटल्या सोबत न्या. भारतातून आलेल्या आईवडिलांच्या बॅगेतल्यासुद्धा.

• रक्त पातळ करणारे औषध चालू असेल, पित्ताशयात खडे असतील किंवा लिव्हरचा त्रास असेल, तर विचारल्याशिवाय हळदीची गोळी घेऊ नका.

• डोळे पिवळे, लघवी गडद, अंगाला खाज किंवा भूक मंदावली, तर गोळी थांबवून लगेच डॉक्टरांना गाठा.

तीस डॉलरच्या त्या बाटलीपायी काकांच्या तपासण्यांचे बिल काही हजारांत गेले. त्या पैशांत फिजिओथेरपिस्टकडे गुडघ्यांचे व्यायाम शिकून झाले असते. आता ते तेच करत आहेत, आणि मुलीच्या हातची पिवळीधमक आमटीही आवडीने जेवतात.