अद्भुतकथेतील आरसा : भविष्यदर्शन आणि निवडीचे स्वातंत्र्य

उद्दिष्टे

या उपघटकाच्या अभ्यासानंतर तुम्हांला –
• नियत भविष्य आणि संभाव्य भविष्य यांतील भेद स्पष्ट करता येईल.
• जादूच्या आरशाचे कथानकातील कार्य सोदाहरण सांगता येईल.

१. प्रस्तावना

विद्यार्थी मित्रहो, पुढे घडणाऱ्या घटनांची चाहूल आधीच देणे ही कथनाची जुनी युक्ती आहे. आकाशवाणी, शाप, स्वप्न, शकुन ही तिची परिचित रूपे होत. मात्र या युक्तीतून एक पेच निर्माण होतो. काय घडणार हे निश्चित असेल, तर पात्रांच्या धडपडीला अर्थ कोणता उरतो? जे. आर. आर. टोल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या कादंबरीतील गॅलड्रिएलचा आरसा या पेचातून वेगळी वाट काढतो. पहिल्या खंडातील (१९५४) एका प्रकरणाला या आरशाचेच नाव आहे.

२. नियत भविष्य

प्रथम परिचित उदाहरणे पाहू. देवकीचा आठवा पुत्र आपला वध करणार, ही आकाशवाणी ऐकून कंस देवकी-वसुदेवांना बंदिवासात टाकतो. तरीही त्याचा कोणताच उपाय त्याला वाचवू शकत नाही. शेक्सपिअरच्या ‘मॅकबेथ’ या नाटकाचे वि. वा. शिरवाडकरांनी ‘राजमुकुट’ या नावाने मराठी रूपांतर केले आहे. मूळ नाटकाच्या चौथ्या अंकात चेटकिणी मॅकबेथला आठ राजांची रांग दाखवतात. शेवटच्या राजाच्या हातातील आरशात आणखी राजे दिसतात आणि राज्य बँकोच्या वंशजांकडे जाणार हे मॅकबेथला उमगते. दोन्ही ठिकाणी भविष्य ठरलेले आहे. त्यामुळे वाचकाची उत्सुकता ‘काय घडेल’ यापेक्षा ‘कसे घडेल’ याकडे वळते.

३. गॅलड्रिएलचा आरसा

लॉथलोरिएनच्या वनातील हा आरसा काचेचा नाही. चांदीच्या उथळ पात्रात झऱ्याचे पाणी ओतले जाते आणि त्या पाण्यातच दृश्ये उमटतात. पाण्याला स्पर्श करण्यास मनाई आहे. आरशात घडून गेलेल्या, घडत असलेल्या आणि कदाचित पुढे घडतील अशा गोष्टी दिसतात. त्यांतील कोणती गोष्ट कोणत्या काळातील, हे ज्ञानी व्यक्तीलाही नेहमी सांगता येत नाही. येथील ‘कदाचित’ हा शब्द महत्त्वाचा आहे. त्याच्यामुळे भविष्य हे विधिलिखित न राहता एक शक्यता बनते.

४. सॅमची कसोटी

फ्रोडोचा सोबती सॅम आरशात डोकावतो, तेव्हा त्याला आपली मायभूमी शायर दिसते. तेथील झाडे तोडली जात आहेत, जुन्या गिरणीच्या जागी धूर ओकणारी विटांची इमारत उभी आहे आणि त्याचे वृद्ध वडील किडूकमिडूक सामान गाडीवर घालून घर सोडून निघाले आहेत. सॅम कासावीस होतो आणि तत्काळ घरी जाण्याचा हट्ट धरतो. त्यावर गॅलड्रिएल त्याला दोन गोष्टी सांगते. शायरमध्ये अनिष्ट घडत असेल याची कल्पना असूनही, आरशात पाहण्यापूर्वी त्याला धन्याशिवाय परतायचे नव्हते. शिवाय आरशातील काही गोष्टी, त्या टाळण्यासाठी पाहणारा आपला मार्ग सोडतो, तेव्हाच घडतात. म्हणून कृतीचा मार्गदर्शक म्हणून हा आरसा धोकादायक आहे.

सॅमचा पेच खरा आहे. एकीकडे जन्मदाता आणि गाव, दुसरीकडे दिलेला शब्द. आरसा यांपैकी काय निवडावे ते सांगत नाही. अखेर सॅम फ्रोडोबरोबरच राहण्याचे ठरवतो, आणि पुढे त्याच्या सोबतीवाचून मोहीम तडीस गेली नसती, हे कथानकातून स्पष्ट होते.

येथे टोल्किन सोपे समाधान देत नाहीत. तिसऱ्या खंडात (१९५५) सॅम परततो, तेव्हा शायर खरोखरच उजाड झालेले असते. परंतु गॅलड्रिएलने निरोपाच्या वेळी दिलेली आपल्या बागेतील माती तो जागोजागी घालतो आणि झाडे पुन्हा वाढतात. आरशाने विध्वंस दाखवला होता. त्यानंतरची पालवी दाखवली नव्हती. दिसलेले खरे ठरले, तरी ते अपूर्ण होते.

५. आरशाच्या स्वामिनीची कसोटी

फ्रोडोला आरशात शत्रूचा शोधक डोळा दिसतो. त्यानंतर तो सर्वसत्ताधारी अंगठी गॅलड्रिएललाच देऊ करतो. आपण सम्राज्ञी झालो तर काय होईल, हे ती क्षणभर मनःचक्षूंनी पाहते आणि अंगठी नाकारते. हे संभाव्य भविष्य पाहण्यासाठी तिला आरसा लागत नाही. अशा रीतीने आरसा दाखवणारी व्यक्तीही त्याच प्रसंगात पारखली जाते.

६. समारोप

नियत भविष्याच्या कथेत पात्राची शोकांतिका ठळक होते. संभाव्य भविष्याच्या कथेत त्याचे चारित्र्य ठळक होते. म्हणून अशा कथेत आरसा आढळला, की त्यात काय दिसले एवढेच पाहून थांबू नका. ते पाहिल्यावर पात्राने काय केले आणि आरशाने काय दाखवले नाही, हेही तपासा.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न

१. कंसाला मिळालेली पूर्वसूचना आणि सॅमला दिसलेले दृश्य यांतील साम्यभेद लिहा.
२. ‘आरशातील दृश्य खरे, तरीही अपूर्ण’ हे विधान शायरच्या आधारे स्पष्ट करा.
३. तुम्ही वाचलेल्या एका मराठी कथेतील पूर्वसूचना निवडा. ती नियत भविष्य सांगते की संभाव्य, याचे सकारण विवेचन करा.