काळ थोपवायचा, तर वीज किती लागेल?

समजा, चंद्रपूर जिल्ह्यातल्या नागभीडजवळच्या एका धानाच्या बांधीच्या कोपऱ्यात एक यंत्र बसवलं आहे. जुलै उजाडला, पऱ्हे (कोवळी रोपं) रोवणीला आले आणि पावसानं दडी मारली. धानाचं रोप तीन-साडेतीन आठवड्यांचं झालं की चिखलात जायला हवं. उशिरा लावलं तर फुटवे कमी धरतं. आपल्या यंत्राचं काम एवढंच, की पऱ्ह्यांपुरता काळ निम्म्या वेगानं चालावा. बाहेर तीस दिवस सरले, तरी रोपांचं वय पंधरा दिवसांनीच वाढावं.

ही कल्पना अगदीच हवेतली नाही. वेगानं जाणाऱ्याचं घड्याळ मागे पडतं, हे आइन्स्टाइननं १९०५ सालीच दाखवलं. रुंदीकरणासाठी २०१९ साली बंद झालेली नागपूर-नागभीड नॅरोगेज आठवते ना? ताशी २५ किलोमीटरनं चार तास धावणाऱ्या अशा गाडीतला प्रवासी फलाटावरच्या माणसापेक्षा खरोखरच किंचित कमी म्हातारा होतो. किती कमी? सेकंदाचे एक लाख कोटी तुकडे केले, तर त्यातले साधारण चार तुकडे. आकाशातल्या जीपीएस उपग्रहांच्या घड्याळांत हा फरक चांगलाच जाणवतो. तिथे वेगानं काळ मंदावतो, पण उंचीवर गुरुत्वाकर्षण कमी असल्यानं त्याहून जास्त प्रमाणात तो भरभर चालतो, आणि दोन्हींची वजाबाकी करून ती घड्याळं दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे पळतात. ती दुरुस्ती आधीच केलेली असते, म्हणून ब्रह्मपुरी वनविभागात वाघाच्या गळ्यात बांधलेल्या जीपीएस कॉलरला आपला ठावठिकाणा नीट सांगता येतो.

खरी अडचण ऊर्जेची आहे. काळ निम्मा करायला सेकंदाला सुमारे २ लाख ६० हजार किलोमीटर वेग लागतो. साठ किलो पऱ्ह्यांना तेवढा वेग द्यायचा, तर दीड लाख कोटी युनिट वीज हवी. चंद्रपूरचं २९२० मेगावॉटचं महाऔष्णिक वीज केंद्र एक क्षणही न थांबता, पूर्ण क्षमतेनं ५८ वर्षांहून अधिक चालवलं, तर एवढी वीज होते. यात यंत्राचं वजन धरलेलं नाही, आणि पऱ्हे पुन्हा थांबवून बांधीत आणण्याचा खर्च वेगळाच.

बरं, कथा आहे म्हणून ही वीज कुठून तरी आली असं धरू, आणि रोपं न हलवता जागच्या जागीच काळ मंदावला असंही धरू. तरी सूर्य बाहेरच्याच घड्याळानं तळपणार. आतल्या एका दिवसात दोन दिवसांचं ऊन पडेल, शिवाय प्रत्येक प्रकाशकणाची ऊर्जाही दुप्पट होईल, म्हणजे उन्हाचा मारा चौपट. त्यात हिरव्या प्रकाशाची तरंगलांबी निम्मी होऊन तो जंतू मारायच्या दिव्यातल्या अतिनील किरणांसारखा होईल. ज्या पऱ्ह्यांना वाचवायचं, तेच करपून जातील. मग वर आच्छादन हवं, आतून वेगळा दिवा हवा, त्याला पुन्हा वीज हवी. विज्ञानकथेची खरी गोडी मला इथे वाटते : एक थाप मान्य करा, पण त्यानंतरचं प्रत्येक पाऊल निसर्गाच्या नियमानं पडू द्या.

मराठीला ही शिस्त ज्यांनी लावली त्यांत जयंत नारळीकरांचं नाव आधी येतं. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत त्यांनी ‘कृष्णविवर’ ही कथा नारायण विनायक जगताप या टोपणनावानं पाठवली आणि बक्षीस मिळवलं. आपल्या नावाची आद्याक्षरं उलटी करून हे नाव घेतलं होतं, म्हणजे परीक्षकांनी फक्त कथाच वाचावी. २०२५ च्या मे महिन्यात ते गेले. त्यांच्या वाटेनं जाणारी कथा पुण्या-मुंबईतच घडावी, असं कुठे आहे?

आपल्या यंत्राचा गावावर काय परिणाम होईल, हे नागभीडच्या माणसाला अंदाजानं सांगावं लागणार नाही. वीज आणि वेळ यांची सांगड तो रोज भोगतो. शेतीपंपाची वीज कधी दिवसाच्या पाळीत येते, कधी रात्रीच्या. आणि रात्री आली की वाघाच्या भागात बांध तुडवत पंप सुरू करायला जावं लागतं. कोळसा चंद्रपूरचा, राख आणि धूरही चंद्रपूरचा, पण वीज कोणत्या तासाला कोणाकडे जाईल हे ठरतं दूर कुठेतरी. काळ थोपवणारं यंत्र आलं तर त्याचंही असंच वेळापत्रक निघेल. पैसेवाल्याचे पऱ्हे कोवळे राहतील आणि उरलेल्यांच्या वाट्याला रात्रीची पाळी येईल.

दिवाळीनंतर पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीत रात्रभर नाटकं चालतात, त्यांना हजारोंनी माणसं लोटतात. ज्याची रोवणी कधी ना कधी लांबली, असा प्रेक्षक तिथे रांगेरांगेत बसलेला असतो. या यंत्राचं नाटक तिथल्याच लेखकानं तिथल्याच बोलीत लिहावं, आणि दुसऱ्या अंकाचा पडदा यंत्राच्या पहिल्या वीजबिलावर उघडावा.