श्यामची आई कुणाची?

परवा वाशीच्या पदपथावर ‘श्यामची आई’च्या तीन प्रती दिसल्या, प्रकाशक तिन्हींचे निराळे! साने गुरुजी गेले १९५० साली. १९५७ च्या कायद्याने लेखकामागे ५० वर्षे हक्क राही; १९९२ च्या दुरुस्तीने ती ६० झाली. म्हणजे २०११ पासून हे पुस्तक कुणीही छापावे. स्वस्त झाले, आनंदच आहे. पण एका प्रतीत ४२ पैकी कितीतरी ‘रात्री’ गाळलेल्या, आणि तसे सांगितलेलेही नाही! नेमकी तीच प्रत माझ्या वर्गातील एका मुलीजवळ निघाली. मी घरची जुनी प्रत तिच्या हाती ठेवली. वाचकहो, हक्क सरला की पुस्तक सर्वांचे होते. मग ते जपायचेही सर्वांनीच, नव्हे का?