नऊ आकडी क्रमांकाचा मागोवा: अमेरिकेतील लहान धंदा आणि ईआयएन

अमेरिकेत लहान धंद्याची राज्याकडे नोंदणी झाली की पुढचे काम असते संघीय कर-क्रमांक मिळवण्याचे. ‘एम्प्लॉयर आयडेंटिफिकेशन नंबर’, म्हणजेच ईआयएन, हा क्रमांक देशाचे करखाते, इंटर्नल रेव्हेन्यू सर्व्हिस (आयआरएस), देते. तो नऊ आकडी असतो: आधी दोन आकडे, मग आडवी रेघ, मग सात आकडे. भारतात कंपनीला आयकरासाठी पॅन आणि पगारातून किंवा देयकातून कर कापण्यासाठी टॅन असे दोन क्रमांक घ्यावे लागतात. तिकडे ही दोन्ही कामे संघीय पातळीवर एकटा ईआयएन करतो. त्यासाठीच्या अर्जाचे नाव एसएस-४. यातील ‘एसएस’ सोशल सिक्युरिटीचे आहे, आणि या क्रमांकाचा इतिहासही करवसुलीपेक्षा कामगारांच्या म्हातारपणाच्या तरतुदीपासून सुरू होतो.

अध्यक्ष फ्रँकलिन रूझवेल्ट यांनी १४ ऑगस्ट १९३५ रोजी सोशल सिक्युरिटी कायद्यावर सही केली. महामंदीने आयुष्यभराची शिल्लक गमावलेल्या कामगारांना उतारवयात निवृत्तिवेतन मिळावे, हा त्यामागचा एक प्रमुख हेतू होता. १ जानेवारी १९३७ पासून पगाराचा १ टक्का कामगाराकडून आणि तेवढाच मालकाकडून घ्यायचे ठरले. वर्षाला ३,००० डॉलरपर्यंतचा पगार यासाठी धरला जाणार होता. निवृत्तिवेतनाची रक्कम कामगाराच्या एकूण कमाईवर ठरणार होती. म्हणजे कोणी कोणाकडे काम करून किती कमावले, याची नोंद वर्षानुवर्षे चुकता कामा नये. एकाच नावाची हजारो माणसे आणि शेकडो दुकाने असलेल्या देशात ही नोंद नावावरून ठेवणे अशक्य होते. कामगाराला एक क्रमांक हवा आणि पगार देणाऱ्यालाही एक हवा, हे लवकरच उघड झाले.

अडचण वेळेची होती. नव्याने स्थापन झालेल्या सोशल सिक्युरिटी मंडळाकडे स्वतःची कार्यालये जवळपास नव्हतीच. पहिले स्थानिक कार्यालय टेक्सासमधील ऑस्टिन येथे ऑक्टोबर १९३६ मध्ये उघडले, तेव्हा कर सुरू व्हायला तीन महिनेही उरले नव्हते. गावोगाव पोहोचलेले सरकारी खाते एकच होते, ते म्हणजे टपाल. देशभरातील सुमारे ४५,००० टपाल कार्यालयांवर हे काम सोपवले गेले. १६ नोव्हेंबर १९३६ पासून मालकांना एसएस-४ अर्ज वाटले गेले. आपल्याकडे किती माणसे कामाला आहेत, हे मालकाने त्यात भरून द्यायचे होते. त्या आकड्यानुसार २४ नोव्हेंबरपासून कामगारांसाठीचे एसएस-५ अर्ज वाटण्यात आले. मोठ्या टपाल कार्यालयांत टंकलेखक बसवून क्रमांक उमटवले गेले, आणि नोंदी बाल्टिमोरमधील कँडलर इमारतीत छिद्रपत्रांवर साठू लागल्या. १९३७ च्या मध्यापर्यंत ३ कोटींहून अधिक कामगारांना क्रमांक मिळाले होते. संगणक नसलेल्या काळात इतक्या थोड्या अवधीत झालेले हे काम अमेरिकी प्रशासनाच्या इतिहासात मोठ्या मानाने नोंदवण्याजोगे आहे. त्याचे पहिले पाऊल मालकाचा अर्ज होते, याकडे मात्र सहसा लक्ष जात नाही.

त्या पहिल्या अर्जाचा रोख पगार देणाऱ्यावर होता. एकट्याने दुकान चालवणाऱ्या शिंप्याला किंवा न्हाव्याला या क्रमांकाची गरज नव्हती. त्याने हाताखाली पहिला माणूस ठेवला की गरज निर्माण होई. किती माणसे कामाला आहेत, हा १९३६ चा प्रश्न आजच्या एसएस-४ मध्येही थोड्या बदललेल्या रूपात टिकून आहे: येत्या बारा महिन्यांत जास्तीत जास्त किती कामगार असतील, हे शेतीकाम, घरकाम आणि इतर अशा तीन रकान्यांत विचारले जाते.

मे १९३७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ‘हेल्व्हरिंग विरुद्ध डेव्हिस’ या खटल्यात वृद्धापकाळाच्या तरतुदी वैध ठरवल्या आणि योजनेवरचे कायदेशीर सावट दूर झाले. १९३९ मध्ये पगारावरील हा कर सोशल सिक्युरिटी कायद्यातून काढून करसंहितेत घालण्यात आला. १९४३ मध्ये युद्धखर्चाच्या रेट्याखाली आयकरही पगारातूनच कापून घेण्याची पद्धत आली, आणि मालकाच्या क्रमांकावर दुसरी जबाबदारी पडली. १९५० च्या दुरुस्तीने नियमित काम करणारे शेतमजूर आणि घरकामगारही योजनेत आले. त्यामुळे धंद्याशी काडीचा संबंध नसलेल्या, पण घरी पगारी दाई किंवा स्वयंपाकीण ठेवणाऱ्या कुटुंबालाही हा क्रमांक घ्यावा लागू लागला.

क्रमांकाचे स्वरूप खरे पालटले ते १९६० च्या दशकात. आयआरएसने पश्चिम व्हर्जिनियातील मार्टिन्सबर्ग येथे राष्ट्रीय संगणक केंद्र उभारले, आणि ऑक्टोबर १९६१ मध्ये काँग्रेसने करसंहितेत कलम ६१०९ घालून विवरणपत्रांवर ओळख क्रमांक देणे बंधनकारक केले. १९६२ च्या सुरुवातीला संगणकीकृत मुख्य नोंदवहीचे काम धंद्यांच्या विवरणपत्रांपासून सुरू झाले. आग्नेयेकडील राज्ये त्यात पहिली होती आणि प्रक्रिया अटलांटात होत होती. आतापर्यंत क्रमांक हा कागदावरचा एक तपशील होता. यापुढे धंद्याचे करखाते त्या क्रमांकानेच उघडे आणि त्यानेच सापडे.

या जुन्या क्रमांकांत भूगोलही दडलेला होता. पहिले दोन आकडे अर्ज कोणत्या भागातून आला, हे सांगत. न्यूयॉर्क भागातील कंपन्यांचे अनेक क्रमांक १३ ने सुरू होतात, उत्तर कॅलिफोर्नियातील ९४ ने, वॉशिंग्टन राज्यातील ९१ ने. शेअर बाजारातील कंपन्यांच्या वार्षिक अहवालाच्या पहिल्याच पानावर ईआयएन छापलेला असतो, त्यामुळे हे कोणालाही पडताळता येते: आयबीएमचा १३ ने, ॲपलचा ९४ ने आणि मायक्रोसॉफ्टचा ९१ ने सुरू होतो.

लहान धंदेवाल्यासाठी विसाव्या शतकाच्या अखेरपर्यंत अर्ज म्हणजे वाट पाहणे होते. टपालाने पाठवलेल्या एसएस-४ ला चार-पाच आठवडे लागत, आणि अर्जासोबतच्या सूचनांत तेवढा अवधी हाताशी ठेवूनच अर्ज करा, असे सांगितलेले असे. क्रमांक येण्याआधी विवरणपत्राची मुदत आली, तर क्रमांकाच्या जागी ‘अर्ज केला आहे’ असे लिहून तारीख टाकायची सोय होती. १९९० च्या दशकात टेलि-टिन या दूरध्वनी सेवेने हा अवधी एकदम खाली आणला. अर्जदाराने अर्ज समोर भरून ठेवायचा, आपल्या राज्यासाठी नेमलेल्या केंद्राला फोन लावायचा, कर्मचारी विचारेल ती माहिती द्यायची आणि सांगितलेला क्रमांक अर्जाच्या वरच्या कोपऱ्यात लिहून घ्यायचा. मग सही करून तो अर्ज २४ तासांत टपालाने किंवा फॅक्सने पाठवायचा. या पद्धतीत पलीकडे प्रश्नांची उत्तरे देणारा माणूस होता, आणि कायद्याची भाषा न कळणाऱ्या छोट्या धंदेवाल्याला त्याचा खरा आधार होता. पुढच्या सुधारणांत वेग पुष्कळ वाढला. तो आधार मात्र तितक्या प्रमाणात टिकला नाही.

याच सुमारास क्रमांकाची मागणी दुसऱ्या दिशांनीही वाढली. एलएलसी, म्हणजे मर्यादित दायित्वाची कंपनी, हा प्रकार वायोमिंग राज्याने १९७७ मध्ये आणला. १९८८ मध्ये आयआरएसने त्याला करांच्या दृष्टीने भागीदारीसारखे वागवण्यास मान्यता दिली आणि तो झपाट्याने पसरला. १ जानेवारी १९९७ पासूनच्या नियमांनी कंपनीची करश्रेणी मालकाने स्वतः निवडावी, अशी मुभा दिली. एकाच मालकाची एलएलसी त्यामुळे फार सोपी झाली. कामगार नसलेल्या अशा एलएलसीला किंवा एकट्याच्या धंद्याला कायद्याने ईआयएनची सक्ती बहुतेक वेळा नसते. मालकाचा स्वतःचा सोशल सिक्युरिटी क्रमांक चालतो. पण तो क्रमांक प्रत्येक ग्राहकाच्या हाती देणे धोक्याचे, म्हणून अनेक जण ईआयएन घेतात. दुसरे कारण बँका. २००१ च्या पॅट्रियट कायद्यानंतर, २००३ पासून, खाते उघडताना ग्राहकाची ओळख पटवण्याचे नियम कडक झाले, आणि धंद्याच्या खात्यासाठी ईआयएन मागणे हा शिरस्ता झाला. कामगारांच्या मोजणीसाठी जन्मलेला क्रमांक अशा रीतीने एकही कामगार नसलेल्या धंद्याचा जन्मदाखला बनला.

२००१ मध्ये क्रमांक देण्याचे काम ब्रुकहेव्हन, सिनसिनाटी आणि फिलाडेल्फिया या तीन केंद्रांकडे एकवटले. त्याबरोबर पहिल्या दोन आकड्यांचा भूगोल संपला. ते आता क्रमांक कोणत्या केंद्राने किंवा कोणत्या मार्गाने दिला, एवढेच दाखवतात. पाठोपाठ, २००० च्या दशकाच्या पूर्वार्धातच, इंटरनेटवरून अर्ज घेणे सुरू झाले आणि त्यासाठी २०, २६, २७ असे वेगळे आरंभीचे आकडे राखले गेले. ऑनलाइन अर्ज एका बैठकीत पुरा करावा लागतो, अर्धवट जतन करता येत नाही, आणि १५ मिनिटे काही हालचाल झाली नाही तर पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागते. मात्र माहिती बरोबर असली की क्रमांक तिथल्या तिथे मिळतो आणि सीपी ५७५ हे पुष्टीपत्रही लगेच उतरवून घेता येते. फॅक्सने सुमारे चार कामाचे दिवस आणि टपालाने चार आठवडे लागत राहिले.

सोय वाढली तसा गैरवापरही वाढला. चोरलेल्या किंवा खोट्या माहितीवर मिळवलेल्या ईआयएनच्या आधारे बनावट पगार आणि करकपात दाखवून परतावा उकळण्याचे प्रकार घडत होते. कोषागार खात्याच्या करप्रशासन महानिरीक्षकांनी २०१३ च्या अहवालात यावर बोट ठेवले. २१ मे २०१२ पासून एका जबाबदार व्यक्तीला, म्हणजे धंद्यावर ताबा असलेली म्हणून अर्जात नाव दिलेल्या व्यक्तीला, दिवसाला एकच क्रमांक, अशी मर्यादा आलेली होती. जानेवारी २०१४ मध्ये देशांतर्गत अर्जदारांसाठी फोनवरून क्रमांक देणे बंद झाले. त्याच महिन्यापासून जबाबदार व्यक्ती बदलल्यास ६० दिवसांत अर्ज ८८२२-बी भरून कळवणे सक्तीचे झाले. १३ मे २०१९ पासून तर ही जबाबदार व्यक्ती हाडामांसाचा माणूसच असली पाहिजे आणि तिच्याकडे सोशल सिक्युरिटी क्रमांक किंवा व्यक्तिगत कर-क्रमांक असला पाहिजे, असा नियम झाला. सरकारी संस्थांना त्यातून सूट आहे. त्याआधी एका कंपनीच्या ईआयएनवर दुसऱ्या कंपनीसाठी क्रमांक घेता येई, आणि धंद्यावर खरा ताबा कोणाचा, हे अशा साखळीत हरवून जाई. हा बदल आवश्यक होता आणि खरे तर तो आधीच व्हायला हवा होता.

परदेशी संस्थापकांसाठी वाट वेगळी आहे, आणि पुण्या-मुंबईतून डेलावेअरमध्ये कंपनी काढणाऱ्या मराठी उद्योजकांना तिचाच अवलंब करावा लागतो. ज्याच्याकडे अमेरिकी क्रमांक नाही, त्याला ऑनलाइन अर्ज करता येत नाही. तो एसएस-४ च्या ७-बी रकान्यात ‘फॉरेन’ असे लिहून फॅक्सने किंवा टपालाने पाठवतो. धंद्याचे मुख्य ठिकाण अमेरिकेबाहेर असेल, तर परदेशी अर्जदारांसाठीच्या दूरध्वनी क्रमांकावरूनही काम होते. ही सेवा अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर सकाळी ६ ला सुरू होते, तेव्हा पुण्यात दुपारचे साडेतीन किंवा साडेचार वाजलेले असतात. डिसेंबर २०१६ मधील नियमांनी परदेशी मालकाच्या एकल एलएलसीला अर्ज ५४७२ हे माहितीपत्र भरण्याच्या कक्षेत आणले, आणि त्यावर ईआयएन लागतो. म्हणजे अमेरिकेत कर लागू होत नसला, तरी ईआयएन घ्यावाच लागतो.

एसएस-४ अर्जांचा आणखी एक उपयोग अलीकडे पुढे आला. देशाची जनगणना संस्था या अर्जांवरून नव्या धंद्यांची आकडेवारी प्रसिद्ध करते. २०१९ मध्ये सुमारे ३५ लाख असलेले अर्ज २०२१ मध्ये सुमारे ५४ लाखांवर गेले. कोविडकाळात नोकऱ्या गेलेल्या आणि घरून धंदा उभारू पाहणाऱ्या माणसांची हालचाल अर्थशास्त्रज्ञांना पहिल्यांदा इथेच दिसली. प्रत्येक अर्जामागे चालता धंदा उभा राहतोच असे नाही. म्हणून पगार देण्याची शक्यता असलेल्या अर्जांची आकडेवारी वेगळी काढली जाते.

हा क्रमांक पहिल्यापासून फुकट आहे. तरीही आयआरएसशी मिळतीजुळती दिसणारी खासगी संकेतस्थळे त्यासाठी पैसे घेतात, आणि २०२५ मध्ये फेडरल ट्रेड कमिशनने अशा काहींच्या चालकांना इशारेवजा पत्रे पाठवली. धंद्याचे नाव किंवा पत्ता बदलला, तर नवा क्रमांक लागत नाही. एकट्याच्या धंद्याची भागीदारी किंवा कॉर्पोरेशन झाली, तर लागतो. पुष्टीपत्र हरवल्यास आयआरएसकडून १४७-सी हे पडताळणीपत्र मागवता येते. धंदा बंद झाला, तर आयआरएसला कळवून खाते बंद करून घेता येते. क्रमांक मात्र रद्द होत नाही आणि तो दुसऱ्या कोणालाही दिला जात नाही.