ओसाच्या फिती

संध्याकाळी टीव्ही लावला की सिंह हरणामागे धावताना दिसतो आणि मागून एक आवाज त्याची माहिती सांगत असतो. भाकरी थापता थापता आपण तेवढंच बघून घेतो. दूरचं रान असं घरात आणून दाखवणाऱ्यांत अगदी सुरुवातीला एक बाई होती. तिचं नाव ओसा जॉन्सन. १९५२ साली अमेरिकेत तिची ‘बिग गेम हंट’, म्हणजे मोठ्या जनावरांची शिकार, ही मालिका लागली. टीव्हीवरची वन्यप्राण्यांची पहिली मालिका म्हणून तिचं नाव घेतात.

गंमत म्हणजे या मालिकेतल्या फिती जुन्याच होत्या, ओसाने आणि तिच्या नवऱ्याने पूर्वीच्या प्रवासात काढलेल्या.

ओसा कॅन्सस राज्यातल्या छोट्या गावची. १९१० साली, सोळाव्या वर्षी, तिने घरी न सांगता मार्टिन जॉन्सनशी लग्न केलं. तो दहा वर्षांनी मोठा, जहाजावरून हिंडून आलेला, ठिकठिकाणी प्रवासाची चित्रं दाखवून पोट भरणारा. पुढे दोघं आजच्या केनियात, मार्साबिटच्या डोंगरात एका तळ्याकाठी जवळजवळ चार वर्षं राहिली. मार्टिन कॅमेरा फिरवायचा. जनावर अंगावर आलं तर बंदूक रोखून शेजारी उभी असायची ओसा. वर स्वयंपाकपाणी होतंच, शिवाय तिने भाजीचा मळाही लावला होता! पुढे ती विमान चालवायलाही शिकली. त्यांच्या एका विमानावर झेब्र्याचे पट्टे रंगवले होते, दुसऱ्यावर जिराफाचे ठिपके.

१९३७ मध्ये विमान अपघातात मार्टिन गेला. ओसा जबर जखमी झाली, तरी चाकाच्या खुर्चीत बसून तिने व्याख्यानं दिली. १९४० साली तिच्या नावाने आलेलं प्रवासाचं पुस्तक अमेरिकेत भरपूर खपलं. मग अठ्ठावन्नाव्या वर्षी ती टीव्हीवर आली. जानेवारी १९५३ मध्ये तिचं निधन झालं.

तिची हिंमत मला फार आवडते. पण त्या फिती बघताना एक गोष्ट खटकते. ओझी वाहणारे, माग काढणारे, वाट दाखवणारे आफ्रिकी लोक चित्रात दिसतात, पण नावं बहुतेक वेळा गोऱ्यांचीच. कुठे कुठे तर त्यांच्यावर विनोद केलेले आहेत. आपल्या गटाचं शूटिंग करायला कुणी आलं, तर चित्राच्या मागे काय बोलणार, ते आधी विचारायला हरकत नाही.

आफ्रिकेच्या आधी, १९१७ मध्ये, ही दोघं आजच्या वानुआटू देशातल्या मालेकुला बेटावर गेली होती. तिथला प्रमुख नागापाते. त्याच्या माणसांनी दोघांना धरलं. तेवढ्यात खाली खाडीत इंग्रजांची बोट दिसली, आणि दोघं सुटली. अमेरिकेत त्या प्रवासाचा चित्रपट लागला, त्याच्या नावातच ‘नरभक्षकांची बेटं’ होतं. दोन वर्षांनी जॉन्सन पुन्हा मालेकुलाला गेले, पडदा आणि यंत्र घेऊन. अंधारात पडदा उजळला आणि नागापातेच्या लोकांनी स्वतःलाच चालताना-फिरताना पाहिलं. फीत मुकी होती. इंग्रजी पाट्यांवर आपल्याबद्दल काय लिहिलंय, ते त्यांना वाचता येत नव्हतं.