आवड गाण्यात असते की कानात?

‘व्यक्ती तितक्या प्रकृती’ ही म्हण गाण्याच्या बाबतीत फार खरी आहे. आमच्याच घरात पाहा. आजीला आराधी मेळ्याची गाणी हवीत, वडिलांना अभंग, आणि धाकट्या भावाला वरातीतल्या डीजेचा दणदणाट. प्रत्येकाला आपले ते संगीत आणि दुसऱ्याचा तो गोंगाट वाटतो. मग गोडी नेमकी कुठे असते? गाण्यात, की ऐकणाऱ्याच्या कानात?

चांगले गाणे सर्वांना आवडलेच पाहिजे, ज्याला आवडत नाही त्याला ‘कान’ नाही, असे आपण सहज म्हणून जातो. हा समज तपासायला आपले तुळजापूर उत्तम. नवरात्रात आणि पुढे आश्विन पौर्णिमेला सोलापूरकडून व कर्नाटकातून भाविक पायी येतात. कवड्यांच्या माळा घातलेले आराधी गात असतात. गोंधळी कमरेला संबळ बांधून उभा राहतो, शेजारी तुणतुणे असते. तुणतुण्याला तार एकच. गाण्याला एक स्वर आणि लय धरून देणे एवढेच त्याचे काम. एकदा शहरातून आलेल्या माझ्या मैत्रिणीने हे ऐकून कानांवर हात ठेवले. तिच्या शेजारच्या बाईच्या अंगात मात्र संबळाच्या पहिल्या ठोक्यांबरोबर वारे आले. आवाज एकच होता, कान दोन होते.

या फरकाचे पहिले कारण म्हणजे सवय. रॉबर्ट झायोंक या मानसशास्त्रज्ञाने 1968 साली दाखवून दिले, की अनोळखी शब्द, चिन्हे किंवा चेहरे वारंवार समोर आले, की केवळ त्या ओळखीमुळेच ते अधिक आवडू लागतात. गाण्याचेही तसेच आहे. पहिल्यांदा सपक वाटलेले गाणे दहाव्यांदा ऐकताना आपण नकळत गुणगुणू लागतो.

ही सवय किती लवकर लागते, हे पाहिले म्हणजे नवल वाटते. 2005 साली एरिन हॅनन आणि सँड्रा ट्रेहब यांनी उत्तर अमेरिकेतील बाळांना बाल्कन प्रदेशातील लोकसंगीत ऐकवले. त्या संगीतात आपल्या रूपक तालासारखे विषम खंड असतात. त्या लयीत मुद्दाम केलेली मोडतोड सहा महिन्यांच्या बाळांच्या लक्षात आली. वर्षाच्या बाळांच्या मात्र सहजी येईना. म्हणजे जन्मतः कान सर्वांसाठी उघडा असतो. घरात जे वाजते त्याला तो सरावतो आणि बाकीच्यांना हळूहळू दार लावून घेतो. त्यातही आशा अशी, की त्या वर्षाच्या बाळांना थोडे दिवस ते संगीत ऐकवल्यावर दार पुन्हा किलकिले झाले.

दुसरे कारण वयाचे. हॉलब्रुक आणि शिंडलर या दोन अमेरिकन अभ्यासकांनी 1989 साली वेगवेगळ्या वयाच्या लोकांना जुनी-नवी गाणी ऐकवली. ज्याच्या त्याच्या वयाच्या तेवीस-चोवीस वर्षांच्या सुमारास गाजलेली गाणी ज्याला त्याला अधिक आवडली. मैत्री, प्रेम, पहिली नोकरी, घर सोडणे हे सारे त्याच वयात घडते, आणि त्या वेळचे गाणे त्या दिवसांसकट मनात राहते. ‘आमच्या वेळची गाणी राहिली नाहीत’ असे वडील म्हणतात, तेव्हा त्यांना गाण्यांइतकीच ‘आमची वेळ’ही आठवत असते.

तिसरे कारण आनंदाच्या घडणीतच आहे. मैफलीत श्रोते दाद देतात ती समेवर. सम येणार हे त्यांना आधीच ठाऊक असते; गवई तिला कसा गाठतो, याची उत्सुकता असते. कॅनडातील माँट्रियल येथे 2011 साली झालेल्या प्रयोगात आढळले, की आवडता क्षण जवळ येऊ लागला की त्याच्या अपेक्षेनेही मेंदूत डोपामीन हे द्रव्य स्रवते आणि तो क्षण आला की पुन्हा स्रवते. पण वाट पाहायची तर वाट ठाऊक हवी! संबळाची लय कुठे चढणार आणि कुठे थांबणार, हे त्या बाईला माहीत होते, माझ्या मैत्रिणीला नव्हते.

चौथे कारण कानाचे नव्हे, समाजाचे आहे. गाणे कोण गाते आणि वाद्य कोण वाजवते, यावरूनही आपण त्याची किंमत ठरवतो. हलगी पिढ्यान्‌पिढ्या दलित समाजाच्या हातची, म्हणून इतरांनी तिच्यावर ताल धरला, पण तिला मान दिला नाही. उलट 14 एप्रिलला भीमगीते वाजू लागली, की ऐकणाऱ्याची मान आपोआप ताठ होते. ते गाणे त्याला ‘तू कोण आहेस’ हे सांगत असते. तेव्हा एखाद्याच्या आवडीला हलके म्हणताना आपण गाण्याला नावे ठेवतो आहोत, की माणसाला, हे स्वतःला विचारलेले बरे.

येथवर आले म्हणजे एक काळजी वाटू लागते. आमच्याकडे लग्नानंतर गोंधळ घालण्याचा कुळाचार आहे. पूर्वी तो रात्रभर चाले आणि आम्ही मुले पेंगत का होईना, समोर बसून असू. आता पुष्कळ घरी तो तासाभरात उरकतात, आणि तेवढा वेळही मुले आत मोबाईल पाहत असतात. आमच्या गावच्या गोंधळ्याचा मुलगा पुण्याला नोकरीला गेला. संबळ खुंटीला आहे. वाजवणारा मिळाला नाही तर दुसऱ्या गावाहून आणता येईल, पण ऐकणारा कान कुठून आणायचा? ज्या मुलांच्या कानांवर संबळ पडलाच नाही, त्यांना तो उद्या गोंगाटच वाटेल, आणि त्यात त्यांचा दोष नसेल.

परंतु हे अटळ नाही. 2009 साली ‘जोगवा’ चित्रपट आला आणि देवीच्या गाण्यांचा बाज महाविद्यालयांच्या स्नेहसंमेलनांत पोहोचला. त्याच्या संगीतासाठी अजय-अतुल यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चित्रपटाने दार उघडले. आत जायचे तर मूळ गोंधळच ऐकायला हवा.

म्हणून माझे सांगणे साधे आहे. आपली आवड सोडू नये, पण ती निसर्गाचा नियम आहे असेही मानू नये. जे कर्कश वाटते ते जाणत्या माणसाशेजारी बसून पाच-सात वेळा ऐकावे आणि मग मत द्यावे. आणि पुढच्या वेळी घरी गोंधळ असेल, तेव्हा लहान मुलांना झोपवण्याची घाई करू नये.