ब्लीच अंदाजे नको, मापाने घ्या

पावसाळ्यात वस्तीत जुलाब-उलट्या सुरू झाल्या की आपण बादलीत ब्लीच अंदाजे ओततो. कमी पडले तर जंतू उरतात, जास्त पडले तर हात-डोळे जळजळतात. म्हणून आम्ही सांगतो, आधी गुणोत्तर काढा.

समजा, बाटलीवर सोडियम हायपोक्लोराइट ५ टक्के लिहिले आहे. उलटी सांडलेली जागा पुसायला ०.५ टक्के द्रावण हवे. पाणी म्हणजे ० टक्के. पाण्यापासून ०.५ पर्यंतचा फरक ०.५, हा ब्लीचचा वाटा. ०.५ पासून ५ पर्यंतचा फरक ४.५, हा पाण्याचा वाटा. ०.५ : ४.५ म्हणजे १ : ९. एक वाटी ब्लीच, नऊ वाट्या पाणी.

उरलेले द्रावण दाराच्या कड्या, नळ पुसायला ०.१ टक्के करायचे असेल, तर फरक ०.१ आणि ०.४. एका वाटीला चार वाट्या पाणी. बाटलीवरचा आकडा वेगळा असेल, तर याच रीतीने नवा हिशेब करा.

पाणी थंड घ्या, दार-खिडकी उघडी ठेवा. संडासाचे ॲसिड ब्लीचमध्ये कधीही मिसळू नका, विषारी वायू निघतो. द्रावण रोज ताजे करा आणि मुलांच्या हाती लागू देऊ नका.